अनुभव धागा : प्लेस्टेशन २ च्या गेम-बॅकअपची रूपांतरे

प्लेस्टेशन २ हे कन्सोल २००० साली जपानमध्ये बाजारात आले आणि २०१३ च्या सुरुवातीला त्याचे उत्पादन थांबले. भारतीय खेळाडूंसाठी म्हणून खास तयार झालेले त्याचे गेम अगदी उत्तरार्धातले आहेत. हैदराबादेत घडलेला ‘हनुमान : बॉय वॉरियर’ २००९ चा आहे, तर मुंबईच्या ट्राइन गेम्सचा ‘स्ट्रीट क्रिकेट चॅम्पियन्स’ २०१० चा. आता या यंत्रांच्या लेझर थकल्या आहेत, डिस्कवर ओरखडे उठले आहेत, आणि ज्यांनी मूळ डिस्क जपून ठेवल्या आहेत असे अनेक जण त्यांची प्रत काढून पेनड्राइव्हवरून, हार्ड डिस्कवरून किंवा संगणकावरच्या एम्युलेटरवर, म्हणजे कन्सोलची नक्कल करणाऱ्या आज्ञावलीवर, खेळू लागले आहेत.

प्रत काढणे त्या मानाने सोपे असते. घोडे अडते ते त्यानंतर. यंत्राला एक फॉरमॅट लागतो, एम्युलेटरला दुसरा चालतो आणि कपाटात वर्षानुवर्षे ठेवण्यासाठी तिसराच योग्य ठरतो. म्हणून या धाग्यात आपण कोणते रूपांतर केले, कुठे अडले आणि मुख्य म्हणजे ते रूपांतर उलट फिरवून मूळ फाइल जशीच्या तशी परत मिळते का, हे सविस्तर लिहावे अशी विनंती आहे. चर्चा स्वतःच्या मालकीच्या डिस्कपुरतीच ठेवू. प्रताधिकार कायदा, १९५७ च्या कलम ५२ मध्ये संगणक आज्ञावलीच्या कायदेशीर धारकाला, मूळ प्रत हरवू वा बिघडू नये यासाठी तात्पुरते संरक्षण म्हणून, बॅकअप काढण्याची मुभा आहे; ती फाइल इतरांना वाटण्याची मुभा त्यात नाही. त्यामुळे फाइलींचे दुवे कृपया कोणी मागू नयेत आणि देऊही नयेत.

सुरुवात माझ्याच अनुभवाने करतो.

पुणे

माझे यंत्र बारीक आकाराचे, म्हणजे आत हार्ड डिस्कला जागा नसलेले आहे, त्यामुळे गेम पेनड्राइव्हवरच ठेवावे लागतात. डिस्कशिवाय गेम चालवणारी आज्ञावली ओपन पीएस२ लोडर, जिला सगळे ओपीएल म्हणतात, तिच्या जुन्या आवृत्त्या फॅट३२ पद्धतीने फॉरमॅट केलेलाच पेनड्राइव्ह वाचतात आणि फॅट३२ मध्ये एका फाइलचा आकार ४ जीबीच्या पुढे जाऊ शकत नाही. एकपदरी डीव्हीडीची क्षमता ४.७ जीबी असते. बहुतेक गेम मर्यादेच्या आत बसतात, पण मोठे गेम बसत नाहीत आणि त्यांच्यासाठी यूएल फॉरमॅट वापरावा लागतो. यात आयएसओ फाइलचे, म्हणजे संपूर्ण डिस्कच्या डेटाची प्रत असलेल्या एका फाइलचे, प्रत्येकी १ जीबीचे तुकडे होतात आणि पेनड्राइव्हवर सगळ्या फोल्डरच्या बाहेर यूएल.सीएफजी नावाची एक छोटी फाइल तयार होते, जिच्यात प्रत्येक गेमसाठी ६४ बाइट्सची नोंद असते.

तुकड्यांची नावे नीट पाहण्यासारखी असतात. आधी ‘यूएल’, मग आठ अक्षरांचा एक संकेत, मग डिस्कचा क्रमांक आणि शेवटी ००, ०१, ०२ असा तुकड्याचा अनुक्रम. मधला आठ अक्षरी संकेत गेमच्या नावावरून गणिताने काढलेला असतो. मला वापरलेल्या यंत्रासोबत मिळालेल्या एका पेनड्राइव्हवर एक गेम यादीत व्यवस्थित दिसत होता, पण निवडला की पडदा काळा होऊन तिथेच थांबत असे. आधीच्या मालकाने सीएफजी फाइलमध्ये गेमचे नाव नीटनेटके करून ठेवले होते. त्यामुळे लोडर नव्या नावावरून नवा संकेत काढत होता आणि त्या संकेताचे तुकडे पेनड्राइव्हवर नव्हतेच. यूएसबीयूटिल या संगणकावरच्या साधनातून नाव बदलले की तुकड्यांची नावेही सोबत बदलतात, तोच मार्ग धरावा. मूळ डिस्क माझ्याकडे असल्यामुळे मी तुकडे अनुक्रमाने जोडून पुन्हा आयएसओ केली आणि तिची एसएचए-१ खूण (फाइलमधल्या बाइट्सवरून गणिताने काढलेला ठसा, म्हणजेच हॅश) डिस्कवरून ताज्या काढलेल्या प्रतीशी ताडून पाहिली. दोन्ही तंतोतंत जुळल्या. म्हणजे यूएल रूपांतरात एकही बाइट जात नाही, हे मी खात्रीने सांगू शकतो.

रत्नागिरी

कोकणातल्या हवेत डिस्क टिकवणे हेच मोठे काम आहे. पावसाळ्यात कव्हरच्या आत दमट हवा कोंडते आणि डिस्कच्या कडेला पांढुरकी बुरशी धरते. मी मऊ सुती कापडाने मध्यापासून कडेकडे सरळ रेषेत पुसते, गोल फिरवून पुसत नाही, कारण गोल ओरखडा डेटाच्या रांगेला समांतर जातो आणि दुरुस्तीसंकेतांच्या आवाक्याबाहेरचे नुकसान करतो. त्यानंतर एकच डिस्क दोन वेगवेगळ्या ड्राइव्हवर वाचून दोन्ही प्रतींच्या खुणा जुळतात का ते पाहते. जुळल्याशिवाय रूपांतराकडे वळण्यात अर्थ नाही, कारण खराब प्रत कोणत्याही फॉरमॅटमध्ये नेली तरी खराबच राहते.

रूपांतराचा प्रश्न मला निळ्या पाठीच्या डिस्कने घातला. प्लेस्टेशन २ चे, विशेषतः सुरुवातीचे, अनेक गेम डीव्हीडीवर नसून सीडीवर आहेत आणि त्या सीडींची वाचनाची बाजू निळी असते. त्यांची प्रत बिन (डिस्कचे पूर्ण सेक्टर) आणि क्यू (ट्रॅकांची यादी) अशा फाइलींच्या जोडीने निघते, पण ओपीएलला आयएसओ हवी असते. रूपांतर केल्यावर फाइल लक्षणीय लहान झाली, म्हणून काही हरवले की काय हे समजून घेण्यासाठी मी हिशोब मांडला. सीडीवरचा एक सेक्टर, म्हणजे डेटाचा ठरावीक आकाराचा तुकडा, २,३५२ बाइट्सचा असतो. या डिस्कवर त्यातले १२ बाइट्स समक्रमणाचे, ४ पत्त्याचे, ८ उपशीर्षकाचे (सेक्टरचा प्रकार सांगणारे), २,०४८ प्रत्यक्ष डेटाचे आणि २८० त्रुटी शोधण्या-दुरुस्त करण्याचे असतात. आयएसओमध्ये फक्त २,०४८ राहतात. ७४ मिनिटांच्या पूर्ण भरलेल्या सीडीवर ३,३३,००० सेक्टर असतात. त्यांची बिन ७८,३२,१६,००० बाइट्सची होते आणि आयएसओ ६८,१९,८४,००० बाइट्सची.

गेम खेळायला ही आयएसओ पुरते. फक्त ती पेनड्राइव्हवर ‘डीव्हीडी’ऐवजी ‘सीडी’ या फोल्डरमध्ये ठेवावी लागते. मात्र उलटा प्रवास पूर्ण होत नाही. पत्ता आणि दुरुस्तीचे बाइट्स पुन्हा गणिताने काढता येतात, पण उपशीर्षकाचे आठ बाइट्स डेटावरून ओळखता येत नाहीत. म्हणून माझ्याकडे सीडीच्या गेमची बिन-क्यू जोडी हीच मूळ प्रत असते आणि आयएसओ ही कामापुरती.

ठाणे

रत्नागिरीच्या ताईंनी मांडलेला हिशोब प्लेस्टेशन १ च्या डिस्कला लावला तर नुकसान आणखी वाढते, म्हणून लिहितो. प्लेस्टेशन २ वर पॉपस्टार्टर या आज्ञावलीच्या साहाय्याने जुने प्लेस्टेशन १ चे गेमही पेनड्राइव्हवरून चालतात, पण त्यासाठी व्हीसीडी नावाचा फॉरमॅट लागतो. व्हिडिओ सीडीशी त्याचा संबंध नाही. बिन फाइलच्या आधी १ एमबीचे शीर्षक जोडलेले असते आणि त्यात ट्रॅकांची अनुक्रमणिका असते. क्यू२पॉप्स हे छोटे साधन क्यू फाइल वाचून ते शीर्षक तयार करते.

प्लेस्टेशन १ च्या गेममधला ध्वनी, चलच्चित्रांसोबतचाही, बरेचदा दुसऱ्या प्रकारच्या सेक्टरवर असतात, ज्यांत डेटा २,३२४ बाइट्सचा असतो आणि दुरुस्तीचा भाग नसतो. अशा डिस्कची आयएसओ केली की प्रत्येक सेक्टरमधले २,०४८ बाइट्सच उचलले जातात आणि बाकीचे कायमचे जातात. शिवाय काही गेमचे संगीत साध्या ऑडिओ सीडीसारख्या स्वतंत्र ट्रॅकवर असते, त्याला आयएसओमध्ये जागाच नाही. गेम सुरू होतो, शर्यत सुरू होते, आणि गाडीच्या आवाजाखाली संगीत नसते. कोणाकडे प्लेस्टेशन १ ची आयएसओ असेल तर ती अपुरी समजून डिस्क पुन्हा वाचावी, असे माझे स्पष्ट मत आहे.

क्यू फाइल नोटपॅडमध्ये उघडून पाहण्याची सवय लावावी. ती साधा मजकूर असते. पहिल्या ओळीत बिन फाइलचे नाव, खाली ‘ट्रॅक ०१ मोड२/२३५२’, मग ‘ट्रॅक ०२ ऑडिओ’, आणि प्रत्येक ट्रॅकखाली मिनिट, सेकंद, फ्रेम अशी वेळ. इथे सेकंदाला ७५ फ्रेम धरल्या जातात. बिन फाइलचे नाव बदलले आणि क्यूमधली ओळ तशीच राहिली की रूपांतराचे साधन ‘फाइल सापडत नाही’ म्हणून थांबते. हल्ली प्रत काढताना प्रत्येक ट्रॅकची वेगळी बिन मिळते, आणि क्यू२पॉप्सला मात्र एकच बिन लागते. ट्रॅक नुसते एकामागोमाग चिकटवले तर क्यूमधल्या वेळा चुकतात, कारण त्या प्रत्येक फाइलच्या सुरुवातीपासून मोजलेल्या असतात. बिनमर्ज हे साधन फाइली जोडताना वेळाही नव्याने मांडते, म्हणून आधी ते आणि मग व्हीसीडी, हा क्रम मी कायम ठेवला आहे.

लंडन

ठाण्याच्या अनुभवाला एक पुरवणी. माझ्या संग्रहातल्या प्लेस्टेशन १ च्या डिस्क ब्रिटनमध्ये घेतलेल्या, म्हणजे पाल या टीव्ही-पद्धतीसाठी काढलेल्या आहेत. पाल पद्धतीच्या काही गेममध्ये लिबक्रिप्ट नावाचे संरक्षण आहे. त्याची किल्ली २,३५२ बाइट्सच्या सेक्टरमध्ये नसून त्याच्या सोबत धावणाऱ्या ९६ बाइट्सच्या सबचॅनेलमध्ये, ठरावीक सेक्टरांवर मुद्दाम बदललेल्या बाइट्सच्या रूपात असते. बिन-क्यू प्रतीत सबचॅनेल येत नाही. त्यामुळे सगळ्या खुणा जुळलेली निर्दोष प्रतही एम्युलेटरवर मध्येच अडकू शकते. यावर उपाय एसबीआय नावाची अगदी छोटी फाइल हा आहे. तिच्यात त्या बदललेल्या सेक्टरांची नोंद असते आणि ती क्यू फाइलच्याच नावाने शेजारी ठेवायची असते. पुढे कोणत्याही फॉरमॅटमध्ये रूपांतर केले तरी एसबीआय सोबत न्यावी. भारतात विकल्या गेलेल्या प्लेस्टेशन २ च्या डिस्कही पाल पद्धतीच्याच, पण हे विशिष्ट संरक्षण प्लेस्टेशन १ पुरतेच आहे.

नागपूर

थोडक्यात लिहितो. आयएसओ योग्य, नाव योग्य, फोल्डर योग्य, तरीही ओपीएल गेम सुरू करण्यास नकार देत असेल तर फाइल पेनड्राइव्हवर विखुरलेली आहे का ते पाहावे. ओपीएलला फाइल सलग जागेत लागते. जुन्या फाइली पुसून मोकळ्या झालेल्या तुकड्यांत नवी फाइल लिहिली गेली की ती सलग राहत नाही. सगळे संगणकावर उतरवून, पेनड्राइव्ह नव्याने फॉरमॅट करून, एकेक फाइल क्रमाने चढवली की प्रश्न सुटतो. ओपीएलच्या नव्या आवृत्त्या ४ जीबीची मर्यादा नसलेली एक्सफॅट पद्धतही वाचतात, त्यामुळे यूएलची गरजही उरत नाही.

चलच्चित्र अडखळत असेल तर मात्र फॉरमॅटला दोष देऊ नये. या यंत्राचे यूएसबी पोर्ट १.१ पिढीचे, सेकंदाला जास्तीत जास्त १२ मेगाबिट वाहून नेणारे आहेत. यंत्राचा स्वतःचा डीव्हीडी ड्राइव्ह त्याच्या कितीतरी पट वेगवान आहे. अशा गेमसाठी मी नेटवर्कच्या तारेने संगणकावरूनच आयएसओ वाचतो.

छत्रपती संभाजीनगर

माझ्याकडे डीव्हीडी ड्राइव्ह असलेला संगणक नव्हता, म्हणून स्वतःच्या डिस्कची प्रत एका दुकानातून करून घेतली. पेनड्राइव्हवर आयएसओ मिळाली, गेम उत्तम चालला, पण कथेतले प्रसंग यायचे तिथे क्षणभर काळे होऊन थेट पुढची पातळी सुरू होत असे. नंतर आयएसओ उघडून पाहिली तेव्हा चलच्चित्रांच्या सगळ्या फाइली नावाने जागेवर होत्या, पण प्रत्येकीचा आकार अगदी एकसारखा आणि नगण्य होता. फाइल ४ जीबीच्या आत बसावी म्हणून दुकानदाराने मूळ चित्रे काढून त्यांच्या जागी रिकाम्या फाइली भरल्या होत्या आणि त्याबद्दल मला काहीही सांगितले नव्हते. हे रूपांतर नव्हे, ही काटछाट आहे, आणि पैसे घेऊन केलेली असल्यामुळे तिचा मला आजही राग आहे. दुकानातून काम करून घेणाऱ्यांनी फाइलचा आकार विचारून घ्यावा आणि शक्य असेल तर त्याच डिस्कच्या, रिडम्प या ऑनलाइन संग्रहात नोंदलेल्या हॅशशी आपली प्रत ताडून पाहावी. तिथे गेमची फाइल मिळत नाही, फक्त तिच्या खुणा मिळतात, आणि आपल्याला तेवढ्याच हव्या असतात.

मडगाव

गेमइतकेच सेव्ह, म्हणजे खेळ कुठवर आला याच्या साठवलेल्या नोंदी, हाही बॅकअपचा भाग आहे, म्हणून त्याबद्दल. माझ्या भावाचे आणि माझे मिळून खेळलेले सगळे सेव्ह ८ एमबीच्या मेमरी कार्डवर होते. यंत्रावर चालणाऱ्या यूलाँचईएलएफ या फाइल-व्यवस्थापकातून प्रत्येक सेव्ह पीएसयू फाइल म्हणून पेनड्राइव्हवर उतरवता येतो. संगणकावर मायएमसी हे साधन पीएसयू फाइली एम्युलेटरच्या कार्डमध्ये भरते. जुन्या चीट-डिस्कच्या मॅक्स आणि सीबीएस फाइलीही ते घेते.

अडचण आली ती एम्युलेटरचे कार्ड ओपीएलच्या आभासी कार्डाच्या जागी वापरताना. दोन्ही म्हणायला ८ एमबीची, पण एम्युलेटरची फाइल ८६,५०,७५२ बाइट्सची आणि ओपीएलची ८३,८८,६०८ बाइट्सची. कार्डवर १६,३८४ पाने असतात आणि प्रत्येक पानात ५१२ बाइट्स डेटा व १६ बाइट्स त्रुटिदुरुस्तीसाठी राखलेले असतात. एम्युलेटर ते १६ सांभाळतो, ओपीएल सांभाळत नाही. दर ५१२ बाइट्सनंतरचे १६ गाळणारी चार ओळींची पायथन आज्ञावली मी लिहिली आणि कार्ड लगेच ओळखले गेले. हे १६ बाइट्स डेटावरूनच पुन्हा काढता येतात, त्यामुळे परतीची वाटही खुली राहते. भावाच्या क्रिकेट लीगचा अर्धवट राहिलेला हंगाम आता आम्ही पुढे खेळत आहोत.

कोल्हापूर

दीर्घकाळ ठेवण्यासाठी मी सीएचडी निवडला आहे. हा मेम या आर्केड यंत्रांच्या एम्युलेटर प्रकल्पातून आलेला, आकुंचित फाइलीचा फॉरमॅट असून त्याचे सीएचडीमॅन हे साधन मोफत आहे. सीडीच्या गेमसाठी ‘क्रिएटसीडी’ आणि डीव्हीडीच्या आयएसओसाठी ‘क्रिएटडीव्हीडी’ ही आज्ञा द्यायची. सीएचडीमध्ये सर्व ट्रॅक एकाच फाइलमध्ये जातात, आकार बराच घटतो आणि डेटा जसाच्या तसा राहतो. आत एसएचए-१ नोंदलेला असतो, त्यामुळे ‘व्हेरिफाय’ आज्ञेने दर वर्षी संग्रह तपासता येतो आणि हार्ड डिस्कवर कुठे एखादा बाइट बिघडला असेल तर तो वेळीच कळतो. संगणकावरचे पीसीएसएक्स२ हे एम्युलेटर सीएचडी थेट चालवते. खऱ्या यंत्रावर मात्र ती चालत नाही. ओपीएलच्या नव्या आवृत्त्यांना आकुंचित फाइल हवी असेल तर झेडएसओ द्यावी लागते.

सीएचडीतून अनेक ट्रॅकची डिस्क परत काढताना एक गोष्ट ध्यानात असू द्यावी. ‘एक्स्ट्रॅक्टसीडी’ नेहमीच्या रीतीने सगळे ट्रॅक एकाच बिनमध्ये देते. मूळच्या वेगवेगळ्या बिन फाइलींच्या खुणांशी ती बिन जुळत नाही आणि त्यावरून डेटा गेला असा समज होतो, पण तो गेलेला नसतो. ट्रॅक वेगळे केले की खुणा पुन्हा जुळतात. मी प्रत्येक सीएचडीच्या शेजारी मूळ क्यू फाइल, असल्यास एसबीआय आणि एक साधी मजकूर फाइल ठेवतो. तिच्यात डिस्कचा क्रमांक, मधल्या वर्तुळावर कोरलेली अक्षरे, प्रत कोणत्या ड्राइव्हवर काढली आणि प्रत्येक ट्रॅकचा हॅश एवढे लिहिलेले असते.