जेरेमी ब्रेट यांची नाराजी रास्त होती का?

प्रश्न: ग्रॅनाडा टेलिव्हिजनच्या मालिकेत १९८४ ते १९९४ या काळात शेरलॉक होम्स साकारणारे जेरेमी ब्रेट १९९३ चे दोन दीर्घ भाग मूळ कथांपासून दूर गेल्याने नाखूश होते, असे वाचनात आले. होम्सच्या लकबींपासून खाण्यापिण्यापर्यंतच्या नोंदींचे ७७ पानी टिपण ते जवळ बाळगत. माध्यम बदलले की कथा बदलणारच. मग मूळ कथेचा एवढा आग्रह अतिरेकी नव्हे काय?

प्रतिसाद १: माझ्या मते दुखणे बदलाचे नसून लांबीचे होते. तासाभरात मावणारी कथा चित्रपटाएवढी ताणायची, तर कुठूनतरी भर घालावीच लागते. ‘ससेक्स व्हॅम्पायर’ या कथेचा सारा प्राण एका क्षणात आहे: बाप तान्ह्या मुलाला कुरवाळत असताना होम्स खिडकीकडे पाहत राहतो, कारण तिच्या काचेत त्याला थोरल्या मुलाच्या चेहऱ्यावरचा मत्सर दिसत असतो. १९९३ च्या त्या दोन भागांपैकी एक असलेल्या तिच्या रूपांतरात मात्र रक्तपिपासू घराण्याचा वारस समजला जाणारा एक नवाच इसम आणून बसवला आहे.

प्रतिसाद २: ब्रेट शब्दाला शब्द धरणारे नव्हते, हेही सांगायला हवे. मालिका लहान मुलेही पाहतात हे कळल्यावर त्यांनी होम्सचे जनक लेखक आर्थर कॉनन डॉयल यांच्या कन्येची परवानगी घेतली आणि १९८८ च्या ‘डेव्हिल्स फूट’मध्ये होम्सने अमली पदार्थ टोचून घेण्याची आपली सुई वाळूत पुरली. मूळ कथेत हे नाही, तरी व्यक्तिरेखेला ते शोभते.

प्रश्नकर्ता: हे ठाऊक नव्हते, आभार. पण १९९२ चा ‘मास्टर ब्लॅकमेलर’ही ताणलेलाच होता आणि मला तो आवडतो.

प्रतिसाद १: मलाही. नळजोडाऱ्याच्या वेषात होम्स मोलकरणीशी लग्न ठरवतो, हा मूळ कथेत चार ओळींत उरकलेला मजकूर आहे; तो फुलवताना ब्रेट यांच्या चेहऱ्यावरचा अवघडलेपणा पाहण्यासारखा आहे. तिथे बीज कथेतलेच होते. १९९३ च्या दुसऱ्या भागात, ‘एलिजिबल बॅचलर’मध्ये मात्र होम्सला भयस्वप्ने पडतात आणि त्यांतून पुढचे सूचित होते. बुटावरच्या चिखलावरून माणसाचा प्रवास ओळखणाऱ्याला स्वप्नात धागेदोरे मिळू लागले, तर त्या नटाने तक्रार करू नये तर काय करावे?