विरोध करणारेही त्याच काळातले होते

‘प्रत्येक काळाचे निकष वेगळे, आज आपण कोण ठरवणारे’ असं म्हणत जुन्या प्रथांना दोष देऊ नये, असं इथे कुणीतरी लिहिलंय; ते मला अजिबात पटत नाही. गोव्यातल्या देवळांची कलावंत प्रथाच घ्या, म्हणजे मुलींना देवळात नाचगाण्याच्या सेवेला वाहायची प्रथा. शेंस विधीत मुलीचं लग्न नवरदेवाचा वेष केलेल्या दुसऱ्या मुलीशी लावायचे, की तिचं उभं आयुष्य ठरून जायचं. हे तेव्हा सगळ्यांना मान्य होतं म्हणता, पण सगळे म्हणजे कोण? याविरुद्ध उभे राहिलेले समाजसुधारक राजाराम पैंगीणकर त्याच समाजातले, त्याच काळातले. त्यांचा निकष कुठल्या खात्यात टाकायचा?

निकष म्हणजे नुसती आवड, असं कलेतही नसतं. आवडनिवड असतेच. याच कलावंत समाजातल्या दोन थोर गायिका घ्या: मला केसरबाई केरकरांपेक्षा मोगूबाई कुर्डीकर जास्त भावतात, त्यावर वाद नाही. पण १९७७ साली व्हॉयेजर अंतराळयानांबरोबर ध्वनिमुद्रिकेतून गेलेली केसरबाईंची भैरवी ऐका. तो खुला, भरीव आकार (‘आ’ स्वरातलं गाणं) हा निव्वळ आवडीचा मामला नाही. ती घोटलेली विद्या आहे, नवख्यालाही बोट ठेवून दाखवता येते.

‘प्रथेतूनच एवढं गाणं आलं, मग तिला नावं का ठेवता’ असंही इथे लिहिलंय. अहो, ते गाणं या बायकांच्या मेहनतीचं आणि त्यांचे गुरू अल्लादिया खाँसाहेबांच्या तालमीचं. प्रथेला त्याचं श्रेय कशाला?