भाचीचं नाव ऋत्वी ठरलंय, इंग्रजी स्पेलिंग कोणतं लिहावं? (नाशिक)

गोदाकाठची_आत्या
नमस्कार मंडळी. दादाला मुलगी झाली. गंगापूर रोडच्या दवाखान्यात, बाळ-बाळंतीण दोघी छान आहेत. बारसं रविवारी इंदिरानगरला घरीच करतोय. कानात नाव सांगायचा मान माझा, त्यामुळे हा विषय मी फार मनावर घेतलाय.

नक्षत्र स्वाती, पहिलं चरण, अक्षर रु. ऋत्वी हे नाव सगळ्यांना पसंत पडलं. अडलंय इंग्रजी स्पेलिंगवर. दादा म्हणतो आर-यू-टी-व्ही-आय, साधं सरळ. वहिनीच्या माहेरी एका अंकशास्त्रवाल्यांनी आर-एच-यू-टी-व्ही-डबल ई असं लिहून दिलंय. बाळाची रास तूळ, तुळेचा स्वामी शुक्र, शुक्राचा अंक सहा, आणि बेरीज सहा यायला हवी म्हणून मध्ये एच आणि शेवटी डबल ई. माझी मुंबईची मावसबहीण म्हणते 'यू' नकोच, आर-आय लिहा, देशभर चालतं.

वहिनीचं म्हणणं मला उडवून लावायचं नाहीये. तिच्या वर्गात तिच्याच नावाच्या इतक्या मुली होत्या की तिला कायम आडनावानेच हाक मारली गेली. लेकीचं नाव कागदावर तरी वेगळं दिसावं ही तिची खरी इच्छा आहे. दवाखान्यातून जन्मनोंदणीचा फॉर्म आलाय आणि त्यात नावाचा रकाना आहे. काय लिहू? अनुभव असलेल्यांनी नक्की सांगा.

तिसरीची_बाई
अभिनंदन ताई! मी पंचवटीतल्या शाळेत शिकवते, म्हणून शाळेच्या बाजूने सांगते.

हल्ली वर्गात नवी नावं खूप येतात. मायरा, कियारा, शनाया, आन्वी. एकाच वर्गात तीच हाक, पण एकीचं स्पेलिंग आय ने, दुसरीचं वाय ने, तिसरीला दोन ए. मुलींना त्याचं काही नसतं. त्रास होतो नोंदी जुळवताना. शाळेच्या जनरल रजिस्टरमधलं नाव आणि आधारवरचं नाव यू-डायस प्लसवर, म्हणजे शाळांच्या सरकारी पोर्टलवर, जुळावं लागतं. एक अक्षर इकडेतिकडे झालं की मिसमॅच येतो, आणि अपार आयडी, म्हणजे विद्यार्थ्याचा कायमचा ओळख क्रमांक, तिथेच अडतो. मग पालकांना कामधंदा सोडून आधार केंद्रावर जावं लागतं. आणि आधारवर नाव आयुष्यात दोनदाच बदलता येतं हे बऱ्याच जणांना माहीत नसतं.

जास्त अक्षरांचं स्पेलिंग चूक आहे असं मी म्हणणार नाही. पण अक्षर जितकं अनपेक्षित, तितकी टाइप करणाऱ्याची चूक व्हायची शक्यता जास्त. एच ऐकू येत नाही, म्हणून तो गळतो. डबल ई ऐकू येते, निदान 'ई दीर्घ आहे' असं सांगता तरी येतं.

त्रिरश्मी
यू की आय, यावर आधी बोलतो, कारण मला तेच महत्त्वाचं वाटतं.

ऋ चा उच्चार आपण मराठी लोक रु असा करतो, हिंदीवाले रि असा करतात. म्हणून अमृता खानविलकरच्या नावात यू आहे आणि अमृता सिंगच्या नावात आय. ऋतुराज गायकवाडही यू ने लिहितो, त्यामुळे क्रिकेट बघणाऱ्या देशाला हे 'आर-यू' आता चांगलंच ओळखीचं आहे. तुमच्या घरात बाळाला रुत्वी म्हणणार असाल तर यू लिहा. आय लिहिलंत तर बंगळुरू-दिल्लीचे लोक तिला रित्वी म्हणतील, आणि त्यांचं काही चुकलेलंही नसेल, कारण कागदावर तेच लिहिलेलं आहे.

पत्रिका मानत असाल तर आणखी एक. रु हे स्वातीचं पहिलं अक्षर, पण री हे चित्राच्या चौथ्या चरणाचं. रास दोन्हीकडे तूळच राहते, नक्षत्र मात्र बदलतं. अक्षरासाठी एवढं बघितलंत तर स्पेलिंगमध्ये ते सांडू देऊ नका.

कादवा
आमच्याकडे मुलाच्या वेळी हेच झालं होतं. शेवटी आजोबांनी ठरवलं. दादाचं स्पेलिंग चांगलं आहे, +१.

अंकगणित_सातपूर
अंकशास्त्रावर माझा विश्वास आहे की नाही हे बाजूला ठेवतो. ज्यांचा आहे त्यांनी निदान बेरीज स्वतः करून बघावी, म्हणून मी केली.

दोन तक्ते जास्त वापरात आहेत. खाल्डियन तक्त्यात आर २, एच ५, यू ६, टी ४, व्ही ६, आय १, ई ५.
साधं स्पेलिंग: २+६+४+६+१ = १९, म्हणजे १+९ = १०, म्हणजे १.
एच आणि डबल ई वालं: २+५+६+४+६+५+५ = ३३, म्हणजे ६. त्यांनी हाच तक्ता धरलेला दिसतो.

आता पायथागोरसच्या नावाने चालणारा तक्ता घ्या. त्यात ए पासून आय पर्यंत १ ते ९, जे पासून आर पर्यंत पुन्हा १ ते ९, आणि एस पासून पुन्हा एकपासून.
साधं स्पेलिंग: ९+३+२+४+९ = २७, म्हणजे ९.
एच आणि डबल ई वालं: ९+८+३+२+४+५+५ = ३६, म्हणजे तेही ९.

म्हणजे एका तक्त्यात एच आणि डबल ई घालून एकाचे सहा होतात, दुसऱ्यात काहीच फरक पडत नाही. खाल्डियनमध्ये तर कुठल्याच अक्षराला ९ दिलेला नाही, त्यामुळे दोन्ही तक्ते एकमेकांशी कधी जुळायचेच नाहीत. आणखी एक बघा. नुसता एच काढून डबल ई ठेवली तर खाल्डियनने २८, म्हणजे पुन्हा १. दादाच्या स्पेलिंगचा जो अंक तोच.

वहिनींचं मन राखायचं असेल तर हा कागद त्यांच्यासमोर ठेवा आणि त्यांनाच निवडू द्या. कुणाच्या श्रद्धेला धक्का न लावता हा प्रश्न सुटू शकतो.

स्नेहल_दोन_एल
माझ्या नावात शेवटी दोन एल आहेत. वडिलांनी हौसेने ठेवलेत आणि मला माझं नाव मनापासून आवडतं. तरी खरं सांगते. परीक्षेच्या हॉलतिकिटावर एक एल गळला, पुढे एका बँकेने पॅनशी नाव जुळत नाही म्हणून खातं अडवून ठेवलं, आणि दोन्ही नावांची व्यक्ती एकच असं प्रतिज्ञापत्र करावं लागलं. फोनवर नाव सांगताना 'डबल एल' हे माझ्या तोंडात इतकं बसलंय की जणू ते आडनावच. चांगली बाजू अशी की हवा तो ईमेल आयडी मला पहिल्या फटक्यात मिळाला.

एच बद्दल तिसरीच्या बाईंचं पटतं. आर च्या मागचा एच इंग्रजीतही मुका असतो. ज्याने उच्चाराला मदत होत नाही ते अक्षर मुलीला जन्मभर सांगत का बसायला लावायचं?

सेतूवाला_नाशिकरोड
ताई, घाई नको. आधी हे वाचा, मी रोज हीच कामं करतो.

जन्माची माहिती २१ दिवसांच्या आत द्यावी लागते, आणि दवाखान्यात जन्म झाला तर ती दवाखानाच महापालिकेला कळवतो. बाळाचं नाव त्याच वेळी द्यायची सक्ती नाही. १९६९ च्या जन्म-मृत्यू नोंदणी कायद्यात कलम १४ आहे, त्यानुसार नोंद नावाशिवाय होते आणि नाव नंतर चढवता येतं. बारा महिन्यांच्या आत नाव दिलं तर विलंब शुल्क नाही, त्यानंतर पंधरा वर्षांपर्यंत शुल्क भरून देता येतं. म्हणजे बारसं होऊ द्या, घरात एकमत होऊ द्या, मग दवाखाना ज्या विभागात येतो त्या महापालिका विभागीय कार्यालयात अर्ज करा. आपल्याकडे सहा विभाग आहेत: पूर्व, पश्चिम, पंचवटी, सिडको म्हणजे नवीन नाशिक, नाशिक रोड आणि सातपूर.

पण एकदा नाव चढलं की गोष्ट वेगळी. टायपिंगची चूक दुरुस्त होते, मत बदललं म्हणून नाव सहज बदलत नाही. मग राजपत्र, प्रतिज्ञापत्र, हेलपाटे. १ ऑक्टोबर २०२३ पासून जन्मलेल्यांना तर शाळा, आधार, पासपोर्ट, वाहन परवाना, मतदार यादी या सगळ्यांसाठी जन्मतारीख-जन्मस्थळाचा पुरावा म्हणून जन्मदाखलाच लागतो. बाळाचं आधारही त्याच दाखल्यावरून निघतं. एक स्पेलिंग तिथून सुरू होतं आणि सगळीकडे जातं.

अजून एक, ज्याकडे कुणाचंच लक्ष नाही. इंग्रजीवर एवढी चर्चा चालू आहे, पण या नावात जास्त धोका मराठी ओळीत आहे. कीबोर्डवर ऋ पटकन सापडत नाही. टाइप करणारा 'रुत्वी' लिहितो, 'रूत्वी' लिहितो. आपला दाखला दोन्ही भाषांत छापून येतो, आणि पालक फक्त इंग्रजी तपासून सही करतात. अशा चुका घेऊन लोक माझ्याकडे येतात, तेव्हा पोर शाळेत जायच्या वयाचं झालेलं असतं.

त्रिरश्मी
सेतूवाले दादांचं अगदी खरं. मराठीत लिहिताना ऋत्वी असंच, शेवटची वेलांटी दुसरी. मराठीच्या नियमाने शब्दाच्या शेवटचा इकार दीर्घ असतो.

अर्थाचंही थोडं सांगतो, कारण बारशाला कुणीतरी विचारणारच. नाव या रूपात नव्याने घडलेलं आहे, पण घर जुनं आहे: ऋतु. ऋत्विज म्हणजे ऋतूत, योग्य वेळी यज्ञ करणारा. 'वेळेवर आलेली' असा अर्थ सांगितलात तर तो मुळाला धरून होईल. नेटवर या नावाचा अर्थ 'देवदूत' असाही दिसतो, त्याला संस्कृतात काही आधार नाही.

आणि वहिनींना वेगळेपण हवं असेल तर ते अर्थातही असतं. आपल्या पांडवलेण्यांमध्ये तीन क्रमांकाच्या लेण्यात सातवाहन राणी गौतमी बलश्रीचा शिलालेख आहे, दहामध्ये क्षत्रप राजा नहपानाची लेक दक्षमित्रा हिचं नाव कोरलंय. बायकांची नावं इतक्या मानाने दगडात कोरणारं गाव आहे हे. बाळ जरा मोठं झालं की तिला तिथे नक्की घेऊन जा.

मखमलाबादची_काकू
अगं, रेवा ठेवा ना. रे हेही स्वातीचंच अक्षर. इंग्रजीत चार अक्षरं, कुणी चुकवूच शकत नाही.

गोदाकाठची_आत्या
काकू, रेवा फारच गोड आहे, पण ऋत्वी आता घरात सगळ्यांच्या तोंडात बसलंय. आजी तर कालपासून त्याच नावाने अंगाई म्हणतेय.

तुम्हा सगळ्यांचे मनापासून आभार. बेरजांचा कागद वहिनीला दाखवला, तिने स्वतः पुन्हा करून बघितल्या. एच वगळायला ती लगेच तयार झाली. डबल ई वर मात्र तिचा जीव आहे, नाव लिहिल्यावर छान दिसतं म्हणते. आय आणि डबल ई मध्ये उच्चाराचा फरक पडतो का?

तिसरीची_बाई
फारसा नाही. डबल ई असली तर अनोळखी माणूसही शेवट लांब म्हणतो, मराठीत दुसरी वेलांटी आहेच. केतकी, सायली अशा मुली डबल ई लावतात ते मी बघते, आणि ते वाचताना कुणी अडखळत नाही. मला ते स्पेलिंग चालेल.

वहिनींना आणखी एक सांगा. १ मे २०२४ पासून जन्मलेल्या मुलांच्या शाळेच्या आणि परीक्षेच्या कागदपत्रांत आधी मुलाचं नाव, मग आईचं, मग वडिलांचं आणि शेवटी आडनाव, असा राज्य सरकारचा निर्णय आहे. म्हणजे लेकीच्या नावाला लागून त्यांचंच नाव येणार. वर्गात कितीही ऋत्वी असल्या तरी ही ऋत्वी त्यांचीच असेल.

गोदाकाठची_आत्या
हे वाचून वहिनीच्या डोळ्यांत पाणी आलं, खरंच. तिला हे माहीत नव्हतं.

ठरलं मग. आर-यू-टी-व्ही-डबल ई. दादा म्हणतो त्याचाही अंक तोच येतो, मग तक्रार कशाला. रविवारी कानात सांगते.

सेतूवाला_नाशिकरोड
छान. अर्ज करताना कोऱ्या कागदावर मराठी नाव ठळक हाताने लिहून सोबत द्या, ऋ मोठा काढा. इंग्रजी सगळं कॅपिटलमध्ये. छापण्याआधी स्क्रीनवर दोन्ही ओळी बघायला मागा, अक्षर-अक्षर वाचा आणि मगच हो म्हणा. दाखल्याच्या दोन-तीन प्रती एकदमच काढून ठेवा. आधारला जाताना मूळ दाखला न्या, तोंडी स्पेलिंग सांगू नका.