अमेरिकेतून आलेला टर्नटेबल, ‘काइंड ऑफ ब्लू’ आणि न जुळणारा सा

आल्टोवाला_रावपुरा

नमस्कार मंडळी. मी बडोद्याचा, आल्टो सॅक्सोफोन वाजवतो. शिक्षण सगळं हार्मोनियमच्या पट्ट्यांवर आणि सरगमवर झालेलं. नातेवाइकांकडून न्यू जर्सीहून एक जुना बेल्टवर चालणारा टर्नटेबल आलाय. मागे १२० व्होल्ट, ६० हर्ट्झ असं लिहिलंय, म्हणून मध्ये स्टेपडाउन ट्रान्सफॉर्मर लावलाय. सोबत जॅझ तुतारीवादक माइल्स डेव्हिसच्या ‘काइंड ऑफ ब्लू’ची सत्तरच्या दशकातली अमेरिकन एलपी आहे. त्यातल्या जॉन कोल्ट्रेन (टेनर सॅक्सोफोन) आणि कॅननबॉल अॅडर्ली (आल्टो) यांच्यासोबत वाजवून रियाज करायचा विचार आहे, पण सूर काही केल्या बसत नाही.

पहिल्या बाजूचं ‘सो व्हॉट’ पांढरी दोनमध्ये (हार्मोनियमची दुसरी पांढरी पट्टी, म्हणजे डी) हवं. बटण ३३ वर ठेवलं तर ते जवळजवळ पांढरी सातवर येतं. ४५ वर ठेवलं तर पांढरी तीनच्याही जरा वर जातं. दुसऱ्या बाजूचं ‘ऑल ब्लूज’ पांढरी पाचमध्ये हवं, ते ३३ वर पांढरी तीनपेक्षा स्पष्ट उतरलेलं लागतं. म्हणजे एकाच रेकॉर्डच्या दोन बाजू दोन प्रकारे चुकतात. घोळात भर म्हणजे आल्टोच्या पुस्तकात ‘सो व्हॉट’ बीमध्येच, म्हणजे पांढरी सातमध्येच लिहिलंय.

दोष टर्नटेबलचा की रेकॉर्डचा? दुरुस्ती काय? आणि सूर बसल्यावर त्या काळातल्या कोणासोबत वाजवायला सुरुवात करू?

पन्नास_हर्ट्झ

आधी टर्नटेबल. ट्रान्सफॉर्मर व्होल्ट उतरवतो, हर्ट्झ बदलत नाही. जुन्या बेल्टवाल्या टर्नटेबलची मोटर बहुधा सिंक्रोनस असते, ती विजेच्या हर्ट्झच्या तालावर फिरते. ६० साठी बनवलेली मोटर आपल्या ५० वर सहातले पाच फेरेच घेणार. ३३⅓ च्या जागी मिनिटाला २७.८ फेरे मिळतात आणि सूर तीन अर्धस्वरांहून थोडा जास्त उतरतो. पांढरी दोनचं गाणं पांढरी सातच्या किंचित खाली. ४५ च्या बटणावर ३७.५ फेरे होतात, तिथे सूर दोन अर्धस्वर चढतो. म्हणजे तुमची दोन्ही मापं याच दोषाशी जुळतात. व्होल्टेज कमीजास्त करून काही होणार नाही.

खात्री करून घ्या. लेबलच्या कडेला कागदाचा छोटा तुकडा चिकटवा, सुई रेकॉर्डवर ठेवून (सुईच्या ओढीनेही वेग थोडा पडतो) १०० फेरे मोजा. बरोबर तीन मिनिटं लागायला हवीत. तुमच्याकडे ३ मिनिटं ३६ सेकंद लागले तर निदान पक्कं. या पद्धतीत एका सेकंदाची चूक म्हणजे सुमारे १० सेंट, अर्धस्वराचा दहावा भाग. घड्याळ नीट धरलंत तर एवढं पुरतं.

स्ट्रोबची चकती (वेग तपासायची रेघांची चकती) वापरणार असाल तर ५० हर्ट्झची घ्या. ३३⅓ साठी तिच्यावर १८० रेघा असतात, अमेरिकन चकतीवर २१६. २१६ रेघांची चकती आपल्या विजेखाली स्थिर दिसली तर समजा टर्नटेबल हळू चाललाय. एलईडी दिव्याखाली बऱ्याचदा रेघा दिसतच नाहीत, कारण त्यातला ड्रायव्हर लुकलुक जवळजवळ पुसून टाकतो. निऑनचा टेस्टर सॉकेटमध्ये धरून अंधारात त्याच्या उजेडात बघा.

उपाय दोन. मोटरवरची पुली बदलून मोठी बसवायची, किंवा ६० हर्ट्झ देणारा प्युअर साइन (घरच्या विजेसारखी गुळगुळीत लहर देणारा) इन्व्हर्टर घ्यायचा. बऱ्याच इन्व्हर्टरवर ५०/६० चं बटण असतं. मोटर जेमतेम पाच-पंधरा वॉट खाते, त्यामुळे लहानातला लहान चालेल. स्वस्तातला मॉडिफाइड साइन मात्र नको, मोटर गुणगुणते आणि ती गुणगुण सुईतून स्पीकरपर्यंत पोचते. मला स्वतःला पुली जास्त पटते, मध्ये बिघडायला काही उरत नाही. फक्त मोटरला तासाभराने हात लावून बघा. ६० साठीची मोटर त्याच व्होल्टला ५० वर जास्त करंट ओढते. हात ठेववत नसेल इतकी तापली तर इन्व्हर्टरच बरा.

मोनो_एलपी

टर्नटेबल दुरुस्त झाला तरी दोन बाजूंतला फरक राहणार. तो रेकॉर्डमध्येच आहे.

पहिली बाजू, म्हणजे ‘सो व्हॉट’, ‘फ्रेडी फ्रीलोडर’ आणि ‘ब्लू इन ग्रीन’, २ मार्च १९५९ ला न्यूयॉर्कमध्ये कोलंबियाच्या ३० व्या रस्त्यावरच्या स्टुडिओत ध्वनिमुद्रित झाली. त्या दिवशी मुख्य टेपयंत्र किंचित हळू चालत होतं. हळू भरलेली टेप नेहमीच्या वेगाने वाजवली की सूर चढतो, आणि त्याच टेपवरून रेकॉर्ड कापल्या गेल्या. दुसरी बाजू २२ एप्रिलची, ती बरोबर आहे. शेजारी चालू असलेल्या दुसऱ्या यंत्रावरची जादा टेप योग्य वेगाची होती. तिचा उपयोग करून १९९२ च्या सोनेरी सीडीत आणि मग १९९७ च्या आवृत्तीत चूक सुधारली. तुमची एलपी सत्तरच्या दशकातली, म्हणजे चढ्या सुराची.

म्हणूनच तुमचं ‘सो व्हॉट’ पांढरी सातच्या इतकं जवळ आलं. टर्नटेबल खाली ओढत होता, टेप वर. दोन चुकांनी एकमेकींना झाकलं. ‘ऑल ब्लूज’ला वर ओढणारं काही नव्हतं, ते उघडं पडलं.

टर्नटेबल लावताना म्हणून कधीही पहिल्या बाजूवरून वेग ठरवू नका. दुसरी बाजू लावा आणि पियानोवरून सूर घ्या. पॉल चेंबर्सच्या बासला पडदे नाहीत आणि तुतारी-सॅक्स फुंकीवर वरखाली होतात. पियानोचा सूर हलत नाही. आणखी एक: अगदी सुरुवातीच्या प्रतींवर दुसऱ्या बाजूच्या दोन गाण्यांची नावं उलट छापली गेली होती. सहाच्या झोक्यात चालणारं, पियानोच्या थरथरीवर सुरू होणारं ते ‘ऑल ब्लूज’. संथ, जवळजवळ आलापीसारखं ते ‘फ्लॅमेंको स्केचेस’.

पहिल्या बाजूसोबत वाजवायचंच असेल तर माउथपीस जरा आत ढकलून आल्टो चढवता येईल, पण रोजचा रियाज त्यावर करू नका. कॉर्कवर माउथपीस सरकवला की सगळे स्वर सारखे हलत नाहीत. मधला उघडा सी शार्प जास्त हलतो, खालचा बी फ्लॅट कमी. ओठ मग वाद्याऐवजी त्या रेकॉर्डच्या चुकीला सरावतात. रियाजाला १९९७ ची किंवा नंतरची सुधारलेली आवृत्ती घ्या, एलपी ऐकायला ठेवा.

काफी_थाट

पुस्तकाचा गोंधळ आधी सोडवू. आल्टो ई फ्लॅटचं वाद्य. लिहिलेला सी वाजवला की काळी दोन ऐकू येते. म्हणून खऱ्या पट्टीपेक्षा तीन अर्धस्वर खालची बोटं धरायची: पांढरी दोनसाठी बी, पांढरी पाचसाठी ई, काळी पाचसाठी जी. तुमचा टर्नटेबलही नेमका तीनेक अर्धस्वर उतरत होता. पुस्तकातला बी आणि हार्मोनियमवर आलेली पांढरी सात एकच वाटली, पण हा निव्वळ योगायोग. पुस्तक बोटं सांगतं, हार्मोनियम सूर. (टेनर बी फ्लॅटचं, त्याच्या पुस्तकात हेच गाणं ई मध्ये असतं.)

आता ‘सो व्हॉट’. यातली डोरियन स्वरमालिका म्हणजे आपला काफी थाट: ग आणि नी कोमल, बाकी शुद्ध. आठ-आठ मापांचे (एक माप चार मात्रांचं) चार भाग. पहिले दोन पांढरी दोनचा काफी, तिसरा काळी दोनचा, चौथा परत पांढरी दोन. एकूण ३२ मापं म्हणजे १२८ मात्रा, म्हणजे त्रितालाची आठ आवर्तनं: चार, दोन, दोन. हाताने त्रिताल धरूनच ऐका, लगेच उलगडतं.

चूक होते ती ३२ मापांच्या एका फेऱ्यातून दुसऱ्यात जाताना. शेवटची दोन आवर्तनं आणि पुढच्या फेऱ्याची पहिली चार मिळून सहा आवर्तनं सलग पांढरी दोन राहते. चार झाली की सा सरकवायची सवय लागलेली असते, म्हणून लोक दोन आवर्तनं आधीच काळी दोनवर जातात आणि मग ‘आपला सूर का खुपतोय’ म्हणून रीड तपासत बसतात. बोटं न हलवता, फक्त मात्रा मोजत चार-पाच वेळा पूर्ण ऐका. सोलोंचा क्रम माइल्स, कोल्ट्रेन, अॅडर्ली, मग बिल इव्हान्सचा पियानो. तिन्ही फुंकणाऱ्यांना प्रत्येकी दोन फेरे. तुमचं वाद्य अॅडर्लीचं, पण पाठ करायला मी आधी माइल्सचाच सोलो सांगेन. स्वर कमी, जागा भरपूर, आणि प्रत्येक वाक्य कुठे संपतं ते स्वच्छ ऐकू येतं. अॅडर्ली त्याच काफीत ब्लूजचे मुरके आणि वेगाच्या ताना भरतो. ते बोटांवर यायला वेळ लागतो, घाई करू नका.

‘फ्रेडी फ्रीलोडर’ हा बारा मापांचा ब्लूज, काळी पाचचा, आल्टोवर जी. बारा मापं म्हणजे ४८ मात्रा, त्रितालाची तीन आवर्तनं. ब्लूजमधले मोठे वळसे पाचव्या आणि नवव्या मापावर येतात, म्हणजे बरोबर दुसऱ्या आणि तिसऱ्या आवर्तनाच्या समेवर. आपल्या कानाला ब्लूज याच वाटेने सगळ्यात लवकर कळतो.

पुढे काय घ्यावं तेही सांगतो. अॅडर्लीचीच ‘समथिंग एल्स’ (९ मार्च १९५८, माइल्स इथे साथीला आहे). तिच्यातलं ‘ऑटम लीव्ह्ज’ जी मायनर, आल्टोवर ई मायनर. आल्टो शिकणाऱ्यासाठी याहून चांगली एलपी मला माहीत नाही. त्याचा गोल, भरलेला आवाज लांब स्वरांत ऐका. स्वर सुरू झाल्यावर कंप लगेच येत नाही, उशिरा येतो.

आल्टोवाल्या चार्ली पार्करसाठी २६ नोव्हेंबर १९४५ ची बैठक: ‘नाऊज द टाइम’ आणि ‘बिलीज बाउन्स’, दोन्ही एफ ब्लूज, आल्टोवर डी. ७८ च्या तबकडीसाठीची ही मुद्रणं, तीनेक मिनिटांत सगळं आटोपतं, म्हणून एक-एक फेरा पाठ करायला सोयीची. त्याच दिवशीचं ‘को-को’ मात्र नंतर घ्या, त्या लयीला बोटांआधी जीभ थकते.

दुसरा आल्टोवाला पॉल डेझमंड, त्याचं ‘टेक फाइव्ह’ (१९५९) काळी दोन मायनरचं, आल्टोवर सी मायनर, म्हणजे बोटांना सोपं. पाच मात्रा तीन-दोन अशा पडतात. झपतालाची सवय असेल तर हात दोन-तीन टाळी द्यायला जातो आणि गाणं उलटं ऐकू येतं. डेझमंडचा आवाज कोरडा, हलका. तो जोरात फुंकून कधीच येणार नाही.

सॉनी रॉलिन्स टेनरवाला, तरी ‘सॅक्सोफोन कोलोसस’ (२२ जून १९५६) चुकवू नका. ‘सेंट थॉमस’ सी मध्ये, सोळाच मापं, आल्टोवर ए. सोलोच्या सुरुवातीला तो दोन स्वरांचा एक तुकडा घेतो आणि तोच वेगवेगळ्या मात्रांवर ठेवत जातो. बढत ऐकणाऱ्या कानाला हे लगेच भिडेल. कोल्ट्रेनची ‘ब्लू ट्रेन’ (१५ सप्टेंबर १९५७) घ्या, शीर्षकाचं गाणं ई फ्लॅटचा ब्लूज, आल्टोवर सी. ‘जायंट स्टेप्स’ आत्ता नको. तिथे सा दर काही मात्रांनी बदलतो, बी, जी आणि ई फ्लॅट अशा तीन पट्ट्यांत.

टर्नटेबलवर १६⅔ चा वेग असेल तर तो सोन्यासारखा. एलपी बरोबर निम्म्या वेगाने, बरोबर एक सप्तक खाली वाजते, पट्टी तीच राहते. पूर्वी वादक याच युक्तीने सोलो उतरवून घेत. फोनवरच्या अॅपने वेग कमी केला तर ६० टक्क्यांच्या खाली जाऊ नका, जिभेचा घाव विरघळतो आणि स्वर नेमका कुठे सुरू झाला ते कळत नाही.

आणि बडोद्याचा मे महिना लक्षात ठेवा. हवा एक अंश तापली की फुंकवाद्य सुमारे तीन सेंट चढतं. न्यूयॉर्कच्या स्टुडिओत मिळालेला सूर आणि चाळीस अंशांच्या खोलीतला तुमचा आल्टो आपोआप जुळणार नाहीत. दहा मिनिटं लांब स्वर वाजवून वाद्य गरम होऊ द्या, मगच मिळवा.

आल्टोवाला_रावपुरा

सगळ्यांचे मनापासून आभार. १०० फेरे मोजले: ३ मिनिटं ३६ सेकंद. मोटर कोमट होते, तापत नाही, म्हणून पुलीच करतो. मकरपुरा जीआयडीसीत (इथली औद्योगिक वसाहत) लेथवर पितळेची करून मिळेल. आत्ताची पुली ३३ च्या पायरीवर १० मिमी, बेल्ट ०.६ मिमी जाड. सरळ १.२ ने गुणून १२ मिमी सांगू का?

पन्नास_हर्ट्झ

१२ नको. बेल्टची जाडी हिशोबात धरावी लागते. बेल्ट पुलीला वळसा घालतो तेव्हा खरा वेग त्याच्या मध्यरेषेवर ठरतो, म्हणजे व्यास १० अधिक ०.६ = १०.६. त्याचे १.२ पट १२.७२. त्यातून ०.६ वजा, १२.१२ मिमी. बरोबर १२ केलीत तर वेग जवळजवळ एक टक्का कमी पडेल, म्हणजे सोळाएक सेंट उतरेल, आणि पुन्हा इथे विचारायला याल. ४५ ची पायरीही याच हिशोबाने काढा.

लेथवाल्याला तीन गोष्टी सांगा. जुन्या पुलीचा मध्यभाग जरासा फुगीर आहे का बघा. असेल तर तो फुगवटा तसाच ठेवायचा, त्यानेच बेल्ट मध्ये राहतो, सपाट केली की घसरून खाली येतो. भोक मोटरच्या दांड्यावर हलक्या हाताने बसेल इतकंच, सैल नको. आणि बाहेरचा गोल भोकाशी एकाच पकडीत कापायचा, काढून परत लावून नाही. भोक मध्यावर नसेल तर पुलीच्या प्रत्येक फेऱ्याला वेग वरखाली होतो आणि पियानोचा लांब स्वर थरथरतो.

मिलिमीटरचे शेवटचे दोन शतांश आधी मुद्दाम जास्त ठेवून घ्या, बसवून १०० फेरे मोजा आणि मग पॉलिशने उतरवा. कमी झालेलं पितळ परत येत नाही. बेल्टची जाडी पुन्हा एकदा मोजा, व्हर्नियरचे जबडे रबर न दाबता नुसते टेकवून. ०.६ चा ०.५ झाला तर व्यास १२.१२ ऐवजी १२.१० येईल.