पेड सेवेचं युजर गाइड: सुरुवात फीचर्सपासून की पैशांपासून?

कोरा_कागद: एका पेड ऑनलाइन सेवेचं गाइड लिहायचंय. सेवा मी कधी उघडूनही पाहिलेली नाही. टीम म्हणते, फीचर्सची यादी घे आणि लाग कामाला. माझं मत वेगळं आहे. आधी नवख्यासारखं खातं उघडायचं, कार्ड टाकायचं, आणि पहिलं प्रकरण पैशांचं ठेवायचं: ट्रायल कधी संपते, पैसे आपोआप कधी कापले जातात, बंद कसं करायचं.

उंटावरचा_शहाणा: साफ असहमत. पहिल्याच पानावर ‘बंद कसं करायचं’? पाहुणा चपला काढतोय तोच त्याला परतीची गाडी सांगताय! पैसे भरलेल्याला त्याचं काम उरकायचं असतं. आणि ज्याला सेवा माहीत नाही त्याने गाइड लिहूच नये. डेव्हलपरसोबत बसा, पूर्ण यादी करा, मग लिहा.

तिकीट_खिडकी: सपोर्टला होते म्हणून सांगते. मोबाइलवरून अॅप काढलं की सबस्क्रिप्शन बंद झालं, असं लोक धरूनच चालतात. तसं होत नाही. ते अॅप स्टोअरच्या खात्यात चालूच राहतं. अॅपल तर ट्रायल संपायच्या किमान २४ तास आधी रद्द करायला सांगतं. शेवटच्या संध्याकाळी जागं होऊन काय उपयोग?

उंटावरचा_शहाणा: हे एफएक्यूत, म्हणजे नेहमीच्या प्रश्नोत्तरांत, टाका की. प्लॅन आणि दर सारखे बदलतात, ते प्रकरण लगेच शिळं होईल.

कोरा_कागद: दर लिहायचेच नाहीत, ते कुठे दिसतात एवढंच सांगायचं. डेव्हलपरसोबत बसण्याबद्दल: तो आपल्याला टेस्ट खातं देतो, त्यात सगळं चालू असतं. मग आपण बिनधास्त लिहितो, ‘एक्स्पोर्ट दाबा’. बेसिक प्लॅनवाल्याकडे त्या बटणावर कुलूप असतं, नाहीतर बटणच नसतं. तो बिचारा सेटिंग्ज धुंडाळत बसतो. म्हणून प्रत्येक प्लॅनचं एकेक खातं हवंच. आणि यादी वाचतो कोण? लोक मॅन्युअल कसं वापरतात याचे अभ्यासक जॉन कॅरोल यांनी १९८०च्या दशकात आयबीएममध्ये हेच पाहिलं होतं: शिकणारे मॅन्युअल बाजूला ठेवून थेट कामाला हात घालतात.

उंटावरचा_शहाणा: कुलपाचा मुद्दा मान्य. पण कॅरोल तुमच्याच विरोधात जातात हो! लोक थेट कामाला लागतात, तर पहिलं प्रकरण कामाचंच हवं. पैशांसाठी वर एक ठळक ओळ आणि लिंक पुरे.

तिकीट_खिडकी: चालेल. फक्त ती ओळ मार्केटिंगवाल्यांच्या तावडीतून वाचवा, पहिली कात्री तिलाच लागते.