अनुभव धागा : किल्ली कुठं राहिली?

तिसरंगेट_टिळकवाडी

आपल्या बेळगाव, खानापूर, निपाणी, गोकाककडच्या गेम खेळणाऱ्या मंडळींसाठी हा धागा काढतेय. अ‍ॅक्शन गेममध्ये राक्षस केवढाही असू दे, दहा वेळा मरून अकराव्यांदा तो पडतोच. पण एखादी किल्ली, पदक, चाक मागं राहिलं असेल तर हातातल्या बंदुकीचा काही उपयोग नाही. दार उघडत नाही ते नाहीच. अशा वेळी तुमचं काय अडलं होतं आणि शेवटी कसं सुटलं, ते सविस्तर लिहा. उत्तर फोडलं तरी चालेल.

सुरुवात माझ्यापासून. 'रेसिडेंट ईव्हिल २', २०१९ ची नवी आवृत्ती. पोलिस ठाण्याच्या मोठ्या दालनात देवीचा पुतळा आहे. त्याच्यात सिंह, एकशिंगी घोडा आणि तरुणी अशी तीन पदकं बसवली की वाट उघडते. प्रत्येक पदक काढायला एकेका मूर्तीवरची तीन चक्रं फिरवून चित्रं जुळवावी लागतात. ती चित्रं एका पोलिसानं वहीत काढून ठेवलेली आहेत. वही मला मिळाली होती, पण धास्तीनं मी पानं भराभर उलटली आणि घोड्यापाशी येऊन अंदाजानं चक्रं फिरवत बसले. पाऊण तास गेला.

आई शेजारी मेथी निवडत बसली होती. म्हणाली, "अगं, मघाच्या वहीत मासा होता, विंचू होता, घागर होती. राशी की गं त्या. मीन, वृश्चिक, कुंभ." तशी लावली आणि पदक हातात आलं. आईनं मेथीची काडीसुद्धा खाली ठेवली नव्हती.

त्या दिवसापासून नकाशा तिच्याकडं. खोलीत काही उचलायचं राहिलं असेल तर नकाशात ती लाल दिसते, सगळं संपलं की निळी होते. "वरच्या मजल्यावरची लाल राहिली बघ," हे ती चुलीवरचं दूध बघावं तसं लक्ष ठेवून सांगायची. अजून एक सांगते, नवीन खेळणाऱ्यांना उपयोगी पडेल. सामान ठेवायला सुरुवातीला आठच खण असतात. किल्लीवर लाल बरोबरची खूण आली की तिचं काम संपलं, टाकून द्या. मी इस्पिकची किल्ली उगाच किती वेळ सांभाळत फिरले.

शहापूरचा_माग

आईंना माझा नमस्कार सांगा.

माझा अनुभव 'डूम'चा. गेम १९९३ चा, पण आमच्या गल्लीतल्या कॉम्प्युटर क्लासमध्ये तो फार नंतर पोचला. तिथं लाल, निळ्या, पिवळ्या किल्ल्या असतात आणि ज्या रंगाची दाराची चौकट त्या रंगाची किल्ली लागते. मी आणि माझा शेजारचा दोस्त एकाच कीबोर्डवर खेळायचो. त्याचं घर कन्नड, माझं मराठी. तो चालवणार, मी गोळ्या झाडणार.

एकदा मी पाणी प्यायला बाहेर गेलो आणि आतून त्याची आरोळी आली, "कीलि सिक्तु!" मला वाटलं, किल्ली सापडली! धावत आत आलो. बघतो तर हा निळ्या चौकटीच्या दारासमोर उभा, आणि किल्ली कुठंच नाही. मी म्हणतोय, "आता तर सापडली म्हणालास." तो म्हणतोय, "मग, सापडलीच की, ही काय समोर." चांगलंच वाजलं आमचं. दोन दिवस बोलणं बंद.

शेवटी त्याच्या अक्कांनी उलगडा केला. आमच्याकडच्या कन्नडमध्ये कीलि म्हणजे कुलूप. किल्लीला म्हणतात कीलिकै, म्हणजे कुलपाचा हात. त्याला कुलूप सापडलं होतं, मी किल्ली ऐकली होती. 'कुलपाचा हात' हा शब्द मला इतका आवडला की त्यानंतर आम्ही दोघं नुसतं 'कै' म्हणायला लागलो. "निळा कै कुठंय?" "खालच्या अंगाला." आजही त्याचा फोन आला आणि काही अडलं असेल तर तो हेच विचारतो, "कै सिक्तु काय रे?"

खानापूर_लोंढा_लाइन

वरचं वाचून डोळ्यांत पाणी आलं, खरंच.

मी सांगतो ते 'कॅसलव्हेनिया : सिम्फनी ऑफ द नाइट', १९९७, पहिल्या प्लेस्टेशनवरचं. माझा चुलत अण्णा आणि मी. शेवटी रिश्टर नावाचा वीर समोर येतो, त्याला मारलं की नावांची यादी वर सरकायला लागते. आम्ही पेढे वाटले. दोन वर्षं आम्ही हा गेम संपवलाय असंच समजत होतो.

मग एका सुट्टीत परत लावला आणि अण्णा सामानाची माहिती वाचत बसला. सोन्याच्या अंगठीच्या माहितीत अर्धवट शब्द होते, चांदीच्या अंगठीत उरलेले. दोन्ही एकाआड एक जोडले की इंग्रजीत वाक्य तयार होतं : घड्याळाच्या मनोऱ्यात घाला. आम्ही मनोऱ्यात जाऊन दोन दिवस हिंडलो, काही घडेना. खरी जागा संगमरवरी दालनातली घड्याळाची खोली. तिथं दोन्ही अंगठ्या घालून उभं राहिलं की जमीन उघडते आणि खाली मारिया नावाची मुलगी एक चष्मा देते. तो लावून रिश्टरसमोर गेलं की त्याच्या डोक्यावर तरंगणारा गोळा दिसतो. तलवार त्या गोळ्यावर चालवायची, माणसावर नाही.

गोळा फुटल्यावर अख्खा किल्ला उलटा होऊन आभाळात लटकलेला दिसला. तेवढाच मोठा दुसरा किल्ला! त्यात ड्रॅक्युलाचे पाच अवशेष शोधायचे : हृदय, दात, बरगडी, अंगठी, डोळा. किल्ला किती पालथा घातला त्याची टक्केवारी शंभरावर न थांबता पार २००.६ पर्यंत जाते. अण्णा त्या रात्री जेवायला उठला नाही. काकू ताट घेऊन आली तर म्हणाला, "आई, आम्ही अर्धंच खेळलो होतो गं." वस्तूची माहिती न वाचता पुढं जायचं नाही, हे त्यानं मला शिकवलं आणि मी ते आजपर्यंत पाळतो.

येळ्ळूर_७७

छोटासा अनुभव. 'प्रिन्स ऑफ पर्शिया', १९८९ चा, शाळेच्या लॅबमध्ये. पहिल्याच पातळीवर तलवार शोधायची असते आणि आम्ही सगळे थेट पहारेकऱ्याकडं धावायचो. निःशस्त्र गेलं की एकाच वारात खेळ संपतो. तलवार त्याच पातळीवर जमिनीवर पडलेली असते, हे वर्गातल्या एका मुलीनं दाखवलं. एकूण वेळ ६० मिनिटं आणि आमचा लॅबचा तास ३५ मिनिटांचा. शेवट कुणीच बघितला नाही.

घटप्रभेकाठचा

'टूम्ब रेडर', १९९६, पेरूमधली हरवलेली दरी. तिथं धबधबा आहे आणि त्याचं पाणी वळवायला दातेरी चाकं लागतात, तीन. मला दोन मिळाली होती. डायनासोर मेला होता, दरी मोकळी होती, आणि मी आठ दिवस त्याच गवतात गोल फिरत होतो.

वडील सूतगिरणीत फिटर होते. त्या श्रावणात त्यांनी आम्हाला गोकाकच्या धबधब्यावर नेलं. झुलत्या पुलावर उभे होतो, घटप्रभेचं पाणी ५२ मीटर खाली कोसळत होतं, तांबडंलाल. मी न राहवून त्यांना माझी अडचण सांगितली. त्यांनी ती कामावरच्या अडचणीसारखीच ऐकून घेतली. विचारलं, "चाकं बसवायची कुठं, ते बघितलंस काय?" मी बघितलंच नव्हतं. "मग चाक हुडकू नको. आधी मशीन हुडक. पाणी वरनं येतंय म्हणजे मशीन वर असणार. तिथं चढताना वाटेत काय काय दिसतंय ते बघ."

घरी येऊन वर चढायची वाट शोधली. वरून तुटका पूल दिसला. त्याच्या पलीकडं उडी मारून गेलो तर तिसरं चाक तिथं. तिन्ही बसवून दांडा ओढला आणि धबधब्याचं पाणी बाजूला झालं. वडिलांना बोलावून आणलं. ते खुर्ची ओढून बसले आणि चाकं फिरताना बघत म्हणाले, "दाते बरोबर बसलेत." वडील आता नाहीत. हा गेम कुठं दिसला तर मी अजून त्या दरीपर्यंत खेळतो आणि पाणी वळलं की बंद करतो.

कणकुंबीचा_पाऊस

घटप्रभेकाठचे दादा, तुमचं दोनदा वाचलं.

मी 'हॉलो नाइट'वाली, २०१७ चा गेम. काही बोगदे ठार काळोखे, तिथं कंदील लागतो. तो स्लाय नावाच्या दुकानदाराकडं १८०० जिओला (जिओ म्हणजे त्या गेममधले पैसे) मिळतो, पण आधी त्याला सोडवून आणावं लागतं. मेलं की पैसे तिथंच राहतात, आणि घ्यायला जाताना परत मेलं की कायमचे गेले. माझे बाराशे जमलेले दोनदा गेले. एकच सांगेन : पैसे जमेपर्यंत नव्या भागात शिरू नका, ओळखीच्या वाटांवरच फिरा.

निपाणी_बसस्टँड

मला मदत हवी आहे. 'गॉड ऑफ वॉर' पहिला, २००५ चा. पूर्वी तासावर पैसे देऊन एका दुकानात खेळायचो. पँडोराच्या मंदिरात पोसायडनचा त्रिशूळ मिळतो, तो असला की पाण्याखाली श्वास घेता येतो. तिथपर्यंत तीन महिन्यांत पोचलो होतो. दुसऱ्या दिवशी गेलो तर दुकानवाल्यानं मेमरी कार्ड पुसून दुसऱ्या गिऱ्हाइकाला दिलेलं. त्यानंतर तो गेम मी हातात धरला नाही. आता मेव्हण्याकडून जुना प्लेस्टेशन २ मिळालाय, डिस्क आहे, पण कार्ड नाही. कुणाकडं आहे काय?

तिसरंगेट_टिळकवाडी

भाऊ, माझ्याकडं आठ एमबीचं एक जादा आहे, चालतंय. आमचे हे सोमवारी कामासाठी निपाणीला येतात, त्यांच्याकडं देते. त्यावर माझं जुनं काहीतरी सेव्ह केलेलं असेल, ते पुसून टाका.