मदत हवी आहे: ग्लॉक १७ साठी मायक्रो रोनी, ब्रेसवालं घ्यावं की स्टॉकवालं?

मंडळी, मी टेक्सासात डॅलसजवळ राहतो. महिन्यातून दोनदा रेंजवर जातो. पिस्तूल ग्लॉक १७, पण २५ यार्डांपलीकडे माझ्या गोळ्या म्हणजे शेतात फेकलेली ज्वारी. परवा शेजारच्या लेनमधल्या आजोबांनी त्यांचं मायक्रो रोनी किट (पिस्तूल छोट्या रायफलीसारखं धरता यावं म्हणून त्यावर चढवायचा सांगाडा) वापरून बघायला दिलं. अख्खं पिस्तूल न खोलता आत सरकवलं, वर रेड डॉट (लाल ठिपक्याने नेम धरायचं साधन), आणि पहिल्याच मॅगझिनला सगळ्या गोळ्या बशीएवढ्या जागेत! बायको म्हणाली, "झालं, आता हे घरी येणार."

नळी तीच साडेचार इंची राहते, त्यामुळे गोळीचा वेग वाढत नाही, फक्त पकड सुधारते, एवढं कळतं. घोडं अडलंय कायद्यापाशी. १६ इंचांहून कमी नळीला स्टॉक (खांद्याला टेकवायचा दस्ता) जोडला की ती शॉर्ट बॅरल रायफल. आधी एटीएफकडून (बंदुकांचे कायदे राबवणारी केंद्रीय संस्था) फॉर्म १, म्हणजे अशी रायफल बनवायचा परवानगी-अर्ज, मंजूर हवा. ब्रेस (हाताला बांधायचा आधार) लावलेली बरीच पिस्तुलंही अशाच रायफलीत धरणारा २०२३ चा नियम टेक्सासच्या कोर्टाने २०२४ मध्ये रद्द केला, म्हणून दुकानदार म्हणतो, "ब्रेसवालं बिनधास्त घ्या." त्याला काय, त्याला विकायचंय.

जानेवारी २०२६ पासून या अर्जाचा २०० डॉलरचा करही शून्य झालाय. मग सरळ फॉर्म १ भरून स्टॉकवालंच घ्यावं का? मंजुरीआधी किट घरात आणून ठेवलं तर गोत्यात येईन का? आणि भाऊ न्यू जर्सीत असतो, तिकडे हे नेण्याचा विचारही करू नये ना? स्वतः अर्ज भरलेल्या कुणी सांगितलं तर बरं होईल.